आखडते डोळे

जुलैत माथेरानचा लाल चिखल सगळ्यांच्या अंगावर चढतो. घोड्यांच्या गुडघ्यांपर्यंत, रिक्षांच्या चाकांवर, बंगल्यांच्या जोत्यांवर, दोरीवर काही केल्या न वाळणाऱ्या कपड्यांच्या काठांवर. नेरळहून चढणारी छोटी गाडी या दिवसांत अमन लॉजच्या खाली धावत नाही. अमन लॉज ते माथेरान एवढीच फेरी चालू राहते. पर्यटक शनिवारी येतात, रविवारी उतरतात आणि सोमवारपासून डोंगर पावसाच्या आणि तिथं राहणाऱ्यांच्या ताब्यात जातो. वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस घेणारा हा माथा. एवढं पाणी जांभ्यात मुरत नाही, मग वाटांचेच ओहोळ होतात. त्या ओहोळांच्या कडेला, भिंतींच्या सांध्यांत, कुजत्या पानांखाली आठ महिने तोंड न दाखवणारे जीव बाहेर पडतात.

त्यांतल्या एकावर माझा फार जीव आहे. बोटभर लांबीची, चपटी, काळपट, पाठीच्या मधोमध फिकट रेघ असलेली बिनशंखाची गोगलगाय. शास्त्रीय नाव लेव्हिकॉलिस अल्टे. ती काही माथेरानची खास नव्हे. मुंबई-पुण्याच्या बागांतही पावसाळ्यात कुंड्यांखाली सापडते, आणि तिचं मूळ घर आफ्रिका असावं असं अभ्यासकांना वाटतं. पण माथेरानला मोटारींना बंदी आहे, त्यामुळे इथं ती रस्ता ओलांडताना निवांत पाहता येते. दुसरीकडे तेवढा वेळ तिलाही मिळत नाही आणि पाहणाऱ्यालाही.

मी जिथं उतरते त्या घरच्या मावशींना मात्र ती डोळ्यांसमोर नको असते. परसात त्यांनी मिरची आणि अळू लावलेलं असतं आणि रात्रीत पानांच्या जाळ्या होतात.

"ताई, ती बघा, परत आली. थांबा, मीठ आणते."

"मावशी, मीठ नको. मी उचलून पलीकडे ठेवते."

"उद्या येईल की परत. आणि हात साबणानं धुवा हां, घाण असते ती."

हात धुण्याबद्दल मावशींचं अगदी बरोबर आहे. उंदरांच्या फुप्फुसात राहणारा एक कृमी या गोगलगायींच्या अंगात वाढतो आणि चुकून माणसाच्या पोटात गेला तर मेंदूच्या आवरणाला सूज आणू शकतो. म्हणून तिला पानावर घ्यावं, बोटांनी धरू नये, परसातली भाजी चोळून धुवावी. मिठाचंही त्यांना पक्कं ठाऊक आहे. गोगलगायीची कातडी पाणी आत-बाहेर जाऊ देते. वर मीठ पडलं की अंगातलं पाणी बाहेर ओढलं जातं, ती शेंबूड सोडत राहते, आकसते आणि मरते. हे मरण पाहवत नाही. पण मी मीठ अडवते त्याला आणखी एक कारण आहे, आणि ते सांगायचं तर माथेरानचा घाट उतरून थेट समुद्रावर जावं लागतं.

या गोगलगायीची काही जवळची भावंडं मिठातच राहतात.

कोकणच्या खडकाळ किनाऱ्यावर, भरतीचं पाणी येतं आणि जातं त्या पट्ट्यात, शेवाळलेल्या कातळाला चिकटलेले काळे-करडे, खरबरीत पाठीचे, लंबगोल गोळे दिसतात. दगड आणि ते यांतला फरक नवख्याला लवकर कळत नाही. ओहोटीला ते हळूच सरकू लागतात, कातळावरचं शेवाळ खरवडून खातात आणि भरती चढायच्या आत आपापल्या कपारीत परततात. याचं आजचं नाव पेरोनिया. जुन्या पुस्तकांत ओंकिडियम म्हणून सापडेल. समुद्री गोगलगायींच्या पुस्तकांत त्याला कधी जागा मिळते, कधी मिळत नाही, कारण समुद्रात राहूनही तो हवेत श्वास घेतो. मागच्या टोकाला असलेल्या छिद्रातून हवा आत घेतो आणि पाण्याखाली असताना कातडीतून व पाठीवरच्या झुपकेदार कल्ल्यांतून काम भागवतो.

माथेरानच्या परसातली ती आणि कातळावरचा हा, दोघांना एका छत्राखाली आणणारं नाव आहे सिस्टेलोमॅटोफोरा. हा शब्द मी कुणाच्या बोलण्यात कधी ऐकलेला नाही. प्राणिशास्त्र शिकवणाऱ्यांनाही तो उच्चारायची वेळ क्वचितच येत असेल. माझ्यासाठी मात्र तो फार मोलाचा आहे.

तो समजायला ग्रीक येण्याची गरज नाही. रात्र, विजेरी आणि गवताची एक काडी एवढं पुरतं. भिंतीवर चढणारी नेहमीची शंखवाली गोगलगाय घ्या. तिच्या डोक्यावर दोन लांब शिंगं असतात आणि डोळे त्यांच्या अगदी टोकाला. काडीनं टोकाला हलकेच शिवलं की शिंग टोकापासून आत वळतं. कुर्त्याची बाही आतून धरून ओढावी तसा डोळा नळीच्या पोटातून डोक्यात जातो. आता मावशींच्या परसातलीला शिवून पाहा. तिच्याही डोळ्यांची शिंगं आहेत, डोळे टोकालाच आहेत, पण शिंग उलटं होत नाही. ते आखडतं. आहे तसंच, आहे त्या बाजूनं, लांबीनं कमी होत जातं आणि अंगाच्या कडेखाली नाहीसं होतं. किनाऱ्यावरच्या पेरोनियाची शिंगंही अशीच आखडतात. आखडणारे डोळे वाहणाऱ्या, एवढाच त्या लांबलचक ग्रीक नावाचा अर्थ. शिंग आत उलटवणाऱ्यांना स्टायलोमॅटोफोरा म्हणतात. आपल्या ओळखीच्या जवळजवळ सगळ्या जमिनीवरच्या गोगलगायी त्यांत येतात. ज्यांचे डोळे शिंगाच्या टोकाला नसून बुडाशी असतात, त्या डबक्यांतल्या गोगलगायींना बॅसोमॅटोफोरा म्हणत. डोळ्यांवरून अशी तीन घराणी झाली.

सिस्टेलोमॅटोफोरा हे नाव 1948 साली फिलाडेल्फियाच्या हेन्री पिल्सब्री यांनी दिलं. उत्तर अमेरिकेच्या भूचर मृदुकाय प्राण्यांवर त्यांचा अवाढव्य ग्रंथ 1939 पासून भागाभागांनी निघत होता, त्याच्या शेवटच्या भागात ते आलं. तेव्हा पिल्सब्रींचं वय पंच्याऐंशी. साठ वर्षं एकाच संग्रहालयात शंख आणि गोगलगायी पाहिलेला माणूस. अशा वयात अशा माणसानं नवं नाव काढलं की त्यात हौस नसते. कित्येक वर्षं हाताखालून गेलेल्या नमुन्यांचा हिशेब शेवटी एका ओळीत उतरलेला असतो.

याच 1948 साली मुंबईत आणखी एक गोष्ट घडली, आणि तिची आठवण आपल्याकडे फार कमी उरली आहे. पी. आर. आवटी आणि के. आर. करंदीकर या दोघांनी ओंकिडियम व्हेरुक्युलेटम या आपल्या किनाऱ्यावरच्या प्राण्यावर एक प्रबंधिका प्रसिद्ध केली. मुंबई विद्यापीठाच्या प्राणिशास्त्रीय मालेतली ही पहिली. शरीररचना, भ्रूणाची वाढ आणि राहणीमान असे तिचे तीन विषय. आवटींनी त्याआधी 1931 साली एच. एस. राय यांच्यासोबत मुंबईच्या कालवांवर असंच सविस्तर लिहिलं होतं. कालवं निदान खाल्ली जातात, विकली जातात. कातळावरच्या या खरबरीत गोळ्याचा बाजारात काडीचा उपयोग नाही. त्याच्यासाठी पन्नासेक पानं खर्च करावीत, त्याच्या नसा आणि नळ्या सोडवून काढाव्यात, त्याच्या अंड्यांतला जीव दिवसागणिक कसा बदलतो ते पाहावं, असं स्वातंत्र्याच्या उंबरठ्यावरच्या मुंबईत दोन मराठी शास्त्रज्ञांना वाटलं, याचा मला अभिमान आहे. पुढे 1980 साली देशपांडे, नागभूषणम् आणि हनुमंते यांनी त्याच प्राण्याच्या प्रजननावर लिहिलं. म्हणजे महाराष्ट्रात ही वाट पुन्हा मोडली नाही. फक्त ती सामान्य वाचकापर्यंत आली नाही.

फिलाडेल्फियात नाव ठरत होतं त्याच वर्षी मुंबईत त्या नावाखाली येणाऱ्या प्राण्याचा तपशील छापून होत होता. हा योगायोगच. पण नाव आणि तपशील ही दोन्ही कामं एकमेकांवाचून लंगडी असतात. शरीर उलगडून दाखवलेलं नसेल तर नाव कशाला लावायचं, आणि नाव नसेल तर उलगडलेलं शरीर कोणत्या कपाटात ठेवायचं?

या प्राण्यानं शास्त्रज्ञांना छळलंही भरपूर. ओंकिडियम ही प्रजाती पहिल्यांदा वर्णिली गेली ती आपल्याच देशात. फ्रान्सिस ब्यूकॅनन यांना ती बंगालमध्ये पाणगवताच्या पानांवर सापडली, आणि 1800 साली लंडनच्या लिनियन सोसायटीच्या नियतकालिकात त्यांनी तिच्यावर लिहिलं. त्यांनी तिला तेव्हाच्या रिवाजाप्रमाणे कृमींच्या वर्गात टाकलं. मग फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ क्युव्हिए यांनी पॅरिसला बसून मॉरिशसहून आलेला तिचा सागरी भाऊ कापला. तो गोळा करणाऱ्या पेरों या प्रवासी निसर्गशास्त्रज्ञाच्या नावावरून पुढे पेरोनिया हे नाव पडलं. त्यानंतर शंभर वर्षांहून अधिक काळ एक वाद चालला: ही समुद्री गोगलगाय की जमिनीवरची? तिच्या मागच्या पिशवीला फुप्फुस म्हणायचं की नाही? एक बाजू म्हणायची की ती हवेत श्वास घेते, म्हणजे फुप्फुसवाल्यांतली. दुसरी बाजू म्हणायची की ही पिशवी मुळात वेगळ्या घडणीची आहे, हिचं बालपण समुद्रात तरंगत जातं, हिला समुद्री गोगलगायींतच ठेवा. 1970 मध्ये साल्विनी-प्लावेन या प्राणिशास्त्रज्ञानं दोघांनाही बाजूला सारून जिम्नोमॉर्फा, म्हणजे उघड्या अंगाच्या, असा स्वतंत्र वर्गच मांडला आणि त्यात परसातल्या आणि कातळावरच्या दोघींना नेऊन बसवलं. नाव बदललं, शेजार तोच राहिला.

तो का राहिला, हे दोघींकडे नीट पाहिलं तर कळतं. गोगलगायींच्या शरीराचं एक विचित्र वैशिष्ट्य आहे. भ्रूण वाढत असताना त्यांचं पोट डोक्याच्या तुलनेत गरकन वळतं आणि मागची बाजू पुढे येते. म्हणून शंखवाल्या गोगलगायीचं गुदद्वार डोक्याच्या जवळ, उजव्या कुशीत असतं. नेहमीच्या बिनशंखी गोगलगायींच्याही उजव्या कुशीवर श्वासाचं छिद्र उघडझाप करताना दिसतं. मावशींच्या परसातलीच्या कुशीवर असं छिद्र शोधूनही सापडत नाही. तिची वळलेली आतडी पुन्हा सरळ झालेली आहेत, गुदद्वार शेपटाशी गेलेलं आहे. पेरोनियाचंही तसंच. दोघींना मोठेपणी शंख नाही. दोघींची पाठ जाड, चिवट, खाली दोन्ही बाजूंना वळलेली आणि त्या वळलेल्या कडांच्या मधोमध चालण्याचा पाय, एखाद्या पट्टीएवढा अरुंद. मराठी माणसानं गोगलगायीच्या पोटात पाय फार पूर्वीच पाहून म्हणीत घालून ठेवला आहे. या दोघींच्या बाबतीत तो पाय पाहायला त्यांना काचेवरच चढवावं लागतं.

आता मोठ्या नावांचं काय झालं ते पाहू. 1848 साली, म्हणजे पिल्सब्रींच्या बरोबर शंभर वर्षं आधी, आंरी मिल्न-एडवर्ड्स यांनी समुद्री गोगलगायींना ऑपिस्थोब्रँकिया असं नाव दिलं: ज्यांचे कल्ले हृदयाच्या मागे असतात त्या. हे नाव पुस्तकांत, अभ्यासक्रमांत, संग्रहालयांच्या पाट्यांवर दीडशे वर्षांहून जास्त टिकलं. आपल्याकडे दीपक आपटे यांनी लक्षद्वीपच्या समुद्री गोगलगायींवर मोठं काम केलं. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात 2009 मध्ये त्याचा पहिला भाग आला तेव्हा शीर्षकात हेच नाव होतं. ते योग्यच होतं, तेव्हा जगभर तेच चाललेलं होतं. पुढच्याच वर्षी काथारिना योर्गर आणि सहकाऱ्यांनी जनुकांच्या आधारानं या साऱ्या घराण्यांची वंशावळ नव्यानं मांडली, आणि 2011 साली त्याच चमूतल्या श्र्योडल व इतरांनी ऑपिस्थोब्रँकियाला थेट शीर्षकातच बाय बाय म्हणून निरोप दिला. समुद्री गोगलगायी म्हणून ज्यांना आपण एक कुटुंब समजत होतो ते एक कुटुंब नव्हतंच. काहींचे निकटचे नातलग समुद्रात होते, काहींचे जमिनीवर.

यातली सर्वांत थक्क करणारी गोष्ट एलिसियाची. पानाएवढी पातळ, हिरवीगार समुद्री गोगलगाय. ती शैवालाच्या पेशी टोचून आतला रस ओढते आणि त्यातल्या हरितकणिका पचवून न टाकता आपल्या अंगात जपून ठेवते. अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरची तिची एक जात अशा उसन्या हिरव्या कणांसह महिनोन् महिने राहते. दिसायला ती समुद्रातल्या रंगीत, पाठीवर कल्ल्यांचे तुरे मिरवणाऱ्या न्यूडिब्रँक गोगलगायींची सख्खी बहीण वाटावी. नव्या वंशावळीत ती त्यांच्यापासून दूर गेली आणि पॅनपल्मोनाटा नावाच्या घरात आली. त्या घरात डबक्यातल्या गोगलगायी आहेत, शेतातल्या आहेत, कातळावरचा पेरोनिया आहे आणि माथेरानच्या परसातली ती सुद्धा आहे. म्हणजे मावशींच्या अळवावर बसलेल्या गोगलगायीचं नातं समुद्रातल्या हिरव्या एलिसियाशी जेवढं जवळचं आहे, तेवढं एलिसियाचं तिच्याच पाण्यातल्या रंगीत न्यूडिब्रँकशी नाही. मला हे कळलं तेव्हा घराच्या पायरीवर बराच वेळ नुसती बसून राहिले होते. राहण्याची जागा सारखी, रूप सारखं, म्हणजे गोत सारखं, असं आपण किती सहज धरून चालतो.

ऑपिस्थोब्रँकिया गेलं. डबक्यातल्यांचं बॅसोमॅटोफोराही नैसर्गिक कुळ म्हणून टिकलं नाही. फुप्फुसवाल्यांचं जुनं पल्मोनाटा त्याच्या जुन्या अर्थानं उरलं नाही, त्याच्या सीमा मोडून मोठं घर बांधावं लागलं. आणि या सगळ्या पडझडीत सिस्टेलोमॅटोफोरा हे कुणाच्या तोंडी नसलेलं नाव उभं राहिलं. 2017 साली फिलिप बुशे आणि सहकाऱ्यांनी सगळ्या गोगलगायी-शंखांच्या कुळांची जी नवी सूची प्रसिद्ध केली तीत ते स्वतंत्र गण म्हणून आहे.

डोळ्यांची खूण मोठी अचूक होती म्हणून ते टिकलं, असं म्हणता येणार नाही. त्याच डोळ्यांच्या खुणेवर उभं केलेलं बॅसोमॅटोफोरा पडलं आहे. मला वाटतं फरक दाव्याच्या आकाराचा आहे. कल्ले मागे असलेल्या जगातल्या सगळ्या गोगलगायी एका रक्ताच्या आहेत, असं म्हणताना मिल्न-एडवर्ड्स यांना त्यांतल्या बहुतेक माहीतही नव्हत्या. पिल्सब्री म्हणत होते ते इतकंच: या मोजक्या घराण्यांची शिंगं अशी आखडतात, त्यांची पाठ अशी आहे, गुदद्वार असं शेवटी आहे, त्यांना वेगळं काढा. त्यांनी एका खुणेवर भिस्त ठेवली नाही, आणि ज्या खुणा धरल्या त्या कुणालाही काडी घेऊन ताडून पाहता येण्यासारख्या होत्या. जनुकं वाचता यायला आणखी अर्धं शतक लागणार होतं. ती वाचता आली तेव्हा त्या खुणा खोट्या ठरल्या नाहीत. वर्गीकरण म्हणजे घोकायच्या याद्या असं मानणाऱ्यांना मी हेच सांगत असते: प्रत्येक नाव हे कुणीतरी डोळे उघडे ठेवून लावलेली पैज असते, आणि ती हरताही येते.

माथेरानला नावांचा विषय निघाला की मन आपोआप पॉइंटांकडे वळतं. ठाण्याचे कलेक्टर ह्यू मॅलेट मे 1850 मध्ये इथं चढले आणि त्यानंतर या माथ्यावर थंड हवेचं ठिकाण वसलं. लुइसा, अलेक्झांडर, पॅनोरमा, एको. ही नावं ठेवणारे बहुधा उन्हाळ्यात आलेले, दरीकडे तोंड करून उभे राहिलेले लोक होते. 1871 साली डॉ. जे. वाय. स्मिथ यांनी माथेरानच्या माणसांवर, झाडांवर आणि प्राण्यांवर एक पुस्तक लिहिलं. शीर्षकातच त्यांनी तिघांना शेजारी बसवलं, हे मला फार चांगलं वाटतं. पण हंगामी गावाची नजर हंगामाचीच असते. पाऊस सुरू झाला की खिडक्या लागायच्या, बिछाने गुंडाळले जायचे, आणि डोंगराची खरी गजबज त्यानंतर सुरू व्हायची. ती पाहणारे ठाकर, कातकरी, धनगर होते. त्यांनी या जिवांना काय नावं ठेवली ते कुणी बसून विचारलं असतं तर आज आपल्याकडे आणखी एक वर्गीकरण असतं, आणि मला खात्री आहे की ते डोळ्यांपेक्षा खाण्यापिण्यावर, औषधावर आणि पिकाच्या नासाडीवर बेतलेलं असतं. तेही ताडून पाहण्यासारखंच.

पश्चिमेच्या कड्यावर ढग फाटले की खाली कोकणपट्टी दिसते आणि हवा स्वच्छ असेल तर रात्री मुंबईचे दिवे. मधलं अंतर पक्षी उडतो तसं मोजलं तर फार नाही. आणि खडक तर एकच. सहा कोटींहून अधिक वर्षांपूर्वी थरांवर थर ओतून थिजलेला दख्खनचा लाव्हा माथेरानच्या कड्यांत उभा दिसतो. माथ्यावर पावसानं कुजवून त्याचा जांभा झाला, खाली समुद्रापाशी लाटांनी त्याचे काळे कातळ केले. एका भावंडाला त्या खडकाची लाल माती मिळाली, दुसऱ्याला खारट कपारी. मिठाबद्दलचं कोडंही इथं सुटतं. पेरोनियासारख्या प्राण्यांच्या अंगातलं पाणी भोवतालच्या खारटपणाशी बऱ्याच प्रमाणात जुळवून घेतं. समुद्राचं पाणी त्याला परकं नाही. परसातलीच्या अंगातलं पाणी गोड्या पावसाच्या हिशेबानं बेतलेलं आहे, आणि मावशींच्या चिमटीतलं कोरडं मीठ समुद्राच्या पाण्याहून कितीतरी तीव्र. तेवढी चिमूट पेरोनियाच्या पाठीवर टाकली तर त्याचंही भलं होणार नाही.

मुलांच्या बाबतीत मात्र दोन घरांची रीत पार वेगळी. परसातली ओलसर मातीत, दगडाखाली अंडी घालते. अंडी सुटी नसतात. चिकट धाग्यात ओवलेली, एकमेकांना जोडलेली असतात, आणि त्यांतून निघतात त्या थेट छोट्या गोगलगायीच. कातळावरच्यांच्या बहुतेक जातींचं बाळ समुद्रात जातं. डोळ्यांना दिसणार नाही एवढं ते बाळ केसाळ पंखांनी पोहतं, आणि त्याच्या पाठीवर वळणदार शंख असतो. मोठेपणी जो शंख आई-बापांपाशी नाही तो बाळाकडे असतो. किनाऱ्याला लागून चालायची वेळ आली की तो गळून पडतो. शंखवाल्यांशी असलेलं जुनं गोत त्या थोड्या दिवसांत उघड दिसतं.

पेरोनियाकडे आणखी एक गोष्ट आहे जी माथेरानच्या बहिणीकडे नाही. त्याच्या पाठीवर डोळे असतात. डोक्यावरच्या शिंगांवर दोन आहेतच, त्याखेरीज पाठीच्या काही उंचवट्यांवर बारीक काळे ठिपके असतात, आणि ते खरोखर भिंग आणि दृष्टिपटल असलेले डोळे आहेत. कार्ल झेंपर या जर्मन प्राणिशास्त्रज्ञानं 1877 साली त्यांचं वर्णन केलं तेव्हा सगळ्यांत चकित करणारी गोष्ट ही होती की त्यांच्या दृष्टिपटलाची मांडणी माशांच्या-माणसांच्या डोळ्यांसारखी उलटी आहे. असे डोळे पाठीवर कशासाठी, याचं झेंपरनं सुचवलेलं उत्तर ऐकून कोकणातल्या कुणालाही बरं वाटेल: निवट्यांपासून वाचण्यासाठी. चिखलात उड्या मारणारे निवटे भरतीरेषेवर शिकार करतात; वरून येणारी त्यांची सावली पाठीवरच्या डोळ्यांना कळावी. विचार सुंदर आहे. अडचण एवढीच की निवटे चिखलातले आणि पेरोनिया कातळावरचा, आणि निवटे नाहीत अशा किनाऱ्यांवरही पाठीवर डोळे असलेले त्याचे नातलग राहतात. प्रश्न पुरता सुटलेला नाही असंच मी धरते.

मुंबईत 2017 पासून मरीन लाइफ ऑफ मुंबई या उपक्रमातले लोक ओहोटीला सामान्य नागरिकांना खडकांवर नेऊन असे जीव दाखवतात. पण त्यासाठी मुंबईच हवी असं नाही. रायगड जिल्ह्याला डोंगर आहे तसा किनाराही आहे. माथेरानहून उतरून एखाद्या अमावास्येच्या किंवा पौर्णिमेच्या आसपास मोठी ओहोटी साधावी, पंचांगात तिथी बघावी, घसरणार नाहीत अशा चपला घालाव्यात. पाणी पूर्ण ओसरायच्या थोडं आधी पोचावं आणि शेवाळलेल्या काळ्या कातळांवर एका जागी बसून राहावं. दगडाचा जो गोळा हलला तो पेरोनिया. त्याला उचलू नये, मीठ-पाणी-काडी काही लावू नये. ऊन असेल तर आपला हात त्याच्या पाठीवरून, न टेकवता, हळूच फिरवावा, म्हणजे फक्त सावली पडेल. त्याचे उंचवटे आकसतात का ते पाहावं, आणि डोक्याकडची दोन शिंगं बाहेर असतील तर ती कशी आत जातात तेही.